कार्डावर आहे तेवढंच

अनंत सबनीस माझ्यावर एकदाच ओरडले, आणि तेही माझ्या कार्डिगनमुळे. इंग्लंडात साउथहॅम्प्टनला आमच्या मराठी मंडळाचे कार्यक्रम एका चर्चच्या भाड्याच्या हॉलमध्ये व्हायचे. सबनीस तिथे वर्षातून दोन-तीनदा स्वतःच्या प्रोजेक्टरवर जुने मूकपट दाखवत. प्रोजेक्टरच्या पंख्याची घरघर फार होते म्हणून मी एकदा मोठ्या शहाणपणाने त्यावर माझं लोकरी कार्डिगन पसरलं.

"काढा ते! आधी काढा! दिवा तापून फुटेल, फिल्म जळेल, माणसं बसलीयत इथे!"

सगळा हॉल वळून माझ्याकडे बघायला लागला. मध्यंतरात त्यांनी माझी माफी मागितली. चहाच्या वेळी पुन्हा मागितली. आणि सोमवारी हॉस्पिटलात दोन मजले उतरून माझ्या ब्लड बँकेत तिसऱ्यांदा मागायला आले. "कुंदाताई, चूक तुमचीच होती. पण मी ओरडायला नको होतं. या दोन वेगवेगळ्या गोष्टी आहेत." माफी मागतानासुद्धा चूक कुणाची हे सांगायला हा माणूस विसरायचा नाही. मला हसू आलं, रागही आला, आणि त्या दिवसापासून अकराच्या चहाला ते माझ्याकडे यायला लागले.

आमच्या हॉस्पिटलच्या फोटोग्राफी विभागात ते नोकरीला होते. मंडळात निम्मे लोक डॉक्टर, उरलेले बँकेत नाहीतर बंदरावरच्या ऑफिसांत. त्यात सबनीसांचं काम काय ते कुणालाच नीट सांगता यायचं नाही. ते जखमांचे फोटो काढत. ऑपरेशनच्या आधीचा पाय, नंतरचा पाय, भाजलेली पाठ, सुजलेला गुडघा. डॉक्टरांच्या लेक्चरला त्या स्लाइड पडद्यावर दाखवायचं कामही त्यांचंच. फोटो काढण्याआधी ते दोन्ही हात एकमेकांवर घासून गरम करायचे, कारण पेशंटचा पाय थोडा इकडेतिकडे करावा लागतो आणि थंड हात लावणं त्यांना असभ्य वाटे. मग विचारायचे, "मे आय?" आणि जखमेशेजारी एक छोटी पांढरी मोजपट्टी ठेवायचे.

"मोजपट्टी नसेल तर फोटो खोटा," ते म्हणायचे. "जखम केवढी ते बघणाऱ्याला कळलंच नाही, तर मग काढायचा कशाला?"

बेताची उंची, तपकिरी सूट, खिशाला तीन पेनं. बोलणं हळू. घड्याळ पाच मिनिटं पुढे लावलेलं, आणि ते पुढे आहे हे कुणी वेळ विचारली की आधी सांगायचे. दुकानदाराने चुकून एखादं केळं जास्त घातलं तर परत द्यायला जाणार. त्यांच्या बायको सुमनताई म्हणायच्या, "यांच्याबरोबर शॉपिंगला गेलं की दोनदा जावं लागतं. एकदा आणायला, एकदा परत करायला." मंडळात सगळे त्यांची थट्टा करायचे, आणि नाटकाच्या तिकिटांची पेटी मात्र त्यांच्याच हातात द्यायचे.

आता त्या सिनेमाबद्दल सांगायला हवं. सबनीसांकडे मूकपट बरेच होते, पण लोक मागायचे तो एकच. कुठल्याशा शाळेत भरलेल्या फिल्म-संग्राहकांच्या बाजारात तो त्यांना मिळाला होता. पाच डब्यांत पाच रिळं. पहिल्या रिळाची सुरुवात फाटून गेलेली, म्हणून सिनेमाचं नाव कुणालाच माहीत नाही. आम्ही त्याला 'सबनीसांचा खटला' म्हणायचो.

गोष्ट अमेरिकेतली, अगदी सरहद्दीवरच्या वस्तीतली. सरकारी कोर्ट घोड्यावरून आठ दिवसांच्या वाटेवर, म्हणून गावाने एका म्हाताऱ्या शेतकऱ्यालाच न्यायाधीश नेमलेलं. त्याला दोन मुलगे. धाकटा विहिरीवरून झालेल्या भांडणात शेजाऱ्याला गोळी घालतो. मग म्हाताऱ्याला आपल्याच स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसून आपल्याच पोराचा खटला चालवावा लागतो. पाचव्या रिळात तो मुलाला घोड्यावर बसवतो, लगाम स्वतःच्या हातात घेतो आणि त्याला घेऊन कोर्टाच्या गावाकडे निघतो. सिनेमा तिथेच संपतो.

सबनीस तो नेहमी सायलेंट स्पीडलाच, म्हणजे मूकपटांच्या जुन्या सावकाश वेगानेच दाखवत. हल्लीच्या वेगाने लावला की त्यातली माणसं टुणटुण उड्या मारल्यासारखी चालतात आणि पोरं खिदळतात. ते त्यांना खपायचं नाही. "तेव्हाही माणसं आपल्यासारखीच चालत होती," ते म्हणायचे. मुलांकडे आलेले आईवडील प्रेक्षकांत असत, सहा-सहा महिन्यांसाठी आलेले, आणि त्यांना दृश्यांच्या मध्ये येणाऱ्या संवादांच्या कार्डांवरचं इंग्रजी वाचता येत नसे. त्यांच्यासाठी सबनीस प्रोजेक्टरशेजारी उभं राहून प्रत्येक कार्ड मराठीत सांगायचे. म्हाताऱ्याला ते 'आबा' म्हणायचे, मुलांना 'थोरला' आणि 'धाकटा'. आवाजात नाटकीपणा अजिबात नाही, पण अंधारात मागून येणारा तो सावकाश आवाज ऐकला की अंगावर काटा यायचा.

शेवटी मुलगा निघतो तेव्हा त्याची आई दारात उभी राहून काहीतरी बोलते. बराच वेळ बोलते, ओठ हलतात, पण मध्ये कार्ड येत नाही. डॉक्टर फडणीसांच्या आई दर वेळी विचारायच्या, "काय म्हणते हो ती?"

"कार्ड नाही, आजी."

"अहो, पण काहीतरी म्हणत असेलच की!"

"असेल. पण मी कार्डावर आहे तेवढंच सांगतो."

सिनेमा संपला की डॉक्टर फडणीस, आमचे अध्यक्ष, हाडांचे मोठे सर्जन, डोळे पुसत उभे राहायचे. "काय बाप आहे! हॅट्स ऑफ! असा एक माणूस समाजात पुरे होतो." मग सगळे टाळ्या वाजवून बटाटेवड्यांकडे वळायचे. मीही वळायची.

सबनीसांना एकच मुलगा, नितीन. इथेच जन्मलेला, तेव्हा एकोणीस वर्षांचा. उंच, लाजरा, जरा धांदरट. मराठी बोलायचा, पण अडखळत. बापलेकांचं फारसं जमायचं नाही, कारण सबनीसांना सगळं जिथल्या तिथे लागायचं आणि नितीनची वस्तू कधी जागेवर नसायची. तरी हॉलमध्ये खुर्च्या मांडायला तो दर वेळी यायचा. त्या वर्षी तो नुकताच ड्रायव्हिंग टेस्ट पास झाला होता.

तो मार्चमधला रविवार. दुपारी दोनला सिनेमा सुरू झाला. नितीनने खुर्च्या लावल्या हे मी डोळ्यांनी पाहिलं होतं. चारच्या सुमाराला पडदे उघडले, चहा झाला, आणि सबनीस प्रोजेक्टर गाडीत ठेवायला बाहेर गेले तर गाडी जागेवर नाही. त्यांनी हॉलमधल्या फोनवरून स्वतःच पोलिसांना कळवलं. वीस-पंचवीस मिनिटांत एक तरुण इन्स्पेक्टर आला. तो म्हणाला, तुमची गाडी सापडली आहे, इथून अर्ध्या मैलावर एका गल्लीत. पुढचा दिवा फुटला आहे, किल्ली आतच आहे. त्या गाडीने एका बाईला उडवलंय आणि चालवणारा पळून गेलाय.

किल्ली सबनीसांच्या कोटात असायची आणि कोट बाहेरच्या खुंटीवर.

"गाडी आणखी कोण चालवतं?" इन्स्पेक्टरने विचारलं.

"माझा मुलगा," सबनीस म्हणाले.

"तो कुठे आहे?"

सबनीसांनी हॉलभर नजर फिरवली. तेवढ्यात डॉक्टर फडणीस पुढे झाले. "नितीन? ही वॉज हिअर, ऑफिसर. संपूर्ण वेळ आमच्याबरोबर होता. आत्ताच बसने घरी गेला." इन्स्पेक्टरने बाकीच्यांकडे पाहिलं. दोन डॉक्टरांनी माना डोलावल्या. आणि मी म्हणाले, "येस, ही वॉज सिटिंग जस्ट बिहाइंड मी."

मी असं का म्हणाले? आजवर हजारदा स्वतःला विचारलंय. नितीनने काही केलंय असं कुणाच्या डोक्यातही नव्हतं. त्या काळात आपल्या रंगाच्या पोरांना पोलीस उगाच धरतात असं आम्ही सगळेच बोलायचो. दारात पोलीस उभा राहिला की आधी आपल्या मुलाला पाठीशी घालायचं, बाकीचं मग बघू, हे आम्हाला कुणी शिकवलं नव्हतं. ते आपोआप झालं. माझ्या मागच्या खुर्चीवर कोण होतं हे मी वळून पाहिलंसुद्धा नव्हतं.

इन्स्पेक्टर सबनीसांना म्हणाला, "अँड यू, सर?"

सबनीस माझ्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, "इफ दे से सो, देन ही वॉज."

एवढंच. एक ओळ. इन्स्पेक्टरने ती वहीत लिहून घेतली. दार उघडं होतं, कोट बाहेर होता, रस्त्यावरच्या कुणीही किल्ली उचलली असेल, असं ठरलं आणि प्रकरण तिथे थांबलं.

सोमवारी सकाळी माझ्यासमोर रक्ताची मागणी आली. बाई, वय त्रेसष्ट, अपघात, मांडीचं हाड आणि कंबर मोडलेली, चार युनिट. मी नमुना तपासला, जुळवला, लेबलं लावली आणि रक्त वर पाठवलं. वर ऑपरेशन करत होते डॉक्टर फडणीस, आणि त्यांनी ते उत्तम केलं. आम्ही त्या बाईसाठी मनापासून राबलो, हे खोटं नाही.

सबनीस त्या दिवशी चहाला आले नाहीत. मंगळवारी आले आणि उभ्यानेच म्हणाले, "नितीनच होता गाडीत."

मी त्यांच्याकडे खुर्ची सरकवली, ते बसले नाहीत.

"मित्राला गाडी दाखवायला गेला होता. सिनेमा संपायच्या आत परत येणार होता. ती बाई क्रॉसिंगवर होती, कुंदाताई. झीब्रा क्रॉसिंगवर. घरी पोहोचलो तर आईच्या मांडीवर डोकं ठेवून रडत होता. म्हणाला, 'बाबा, माझा चूक होता, मी घाबरला. तुम्ही मला देणार ना पोलिसला? तुमच्या फिल्मसारखं?'"

"मग तुम्ही काय म्हणालात?"

"मी काहीच म्हणालो नाही. सुमन म्हणाली, 'तुमचा न्याय त्या डब्यातच बंद करून ठेवा. माझं एकुलतं एक पोर आहे.'" मग त्यांनी विचारलं, "तो तुमच्या मागे बसला होता, असं तुम्ही म्हणालात. पाहिलं होतंत?"

"मला वाटलं तसं," मी म्हणाले.

"वाटलं," ते म्हणाले, आणि चहा न घेताच गेले.

त्या आठवड्यात फडणीस त्यांच्या घरी जाऊन आले. त्यांचाही दोष म्हणवत नाही. त्यांना खरं कळलं तेव्हा ते पांढरेफटक पडले होते. पण त्यांनी सबनीसांना स्पष्ट सांगितलं, "आम्ही तीन डॉक्टरांनी पोलिसांना स्टेटमेंट दिलंय. खोटं ठरलं तर आमची रजिस्ट्रेशन्स जातील. आमच्याही पोरांचा विचार कर, अनंत. आम्ही तुझ्याच मुलासाठी बोललो ना?" मुलाला पुढे करायचं म्हणजे त्याच्यासाठी खोटं बोललेल्या सगळ्यांना पुढे करायचं. आम्ही त्यांच्यावर उपकार केला होता, आणि त्या उपकाराने त्यांचं तोंड बंद झालं होतं. कुणी हात जोडून तो मागितलाही नव्हता.

सहा आठवड्यांनी फडणीसांच्या वॉर्डातून फोटोसाठी एक पेशंट खाली आली. जखम चिघळत होती आणि फडणीसांना तिची नोंद हवी होती. चिठ्ठीवर नाव होतं मिसेस डॉब्सन. शाळेत मुलांना दुपारचं जेवण वाढून रिटायर झालेली ती बाई. सबनीसांनी हात घासून गरम केले, "मे आय?" म्हणून विचारलं, मोजपट्टी ठेवली आणि फोटो काढला. हे त्यांनीच मला सांगितलं. "ती म्हणाली, 'यू हॅव लव्हली वॉर्म हँड्स, मिस्टर सॅब.' बाहेर येऊन मी हात धुतले, पुन्हा धुतले."

मी म्हटलं, दुसऱ्या फोटोग्राफरला सांगा ना. ते म्हणाले, "का म्हणून? निदान ते तरी मी बघायला नको?"

आणि त्यांनी ते सात वर्षं पाहिलं. मिसेस डॉब्सनच्या हाडात जंतू शिरले होते. जखम भरायची, पुन्हा उघडायची. दर दोन-चार महिन्यांनी ती व्हीलचेअरमधून यायची. त्यांच्या कपाटात तिच्या पायाच्या स्लाइडचा वेगळा खण झाला. तिला त्यांच्याशी गप्पा मारायला आवडायचं. मांजर, शेजारीण, शाळेतली जुनी पोरं, सगळं सांगायची. ते ऐकायचे. हळूहळू ते तिच्यासाठी केक आणायला लागले, आणि मला एकदा म्हणाले, "केक नेतो हीसुद्धा बदमाशीच. तिला वाटतं मी चांगला माणूस आहे."

अपघातानंतर त्यांनी तो सिनेमा एकदाच दाखवला. फडणीसांनीच आग्रह केला होता. त्यांच्या आई पुन्हा आल्या होत्या आणि सगळं पूर्वीसारखं आहे असं सगळ्यांनाच वाटायला हवं होतं. नितीन आला नाही. त्याला बर्मिंगहॅमला बँकेत नोकरी लागली होती आणि तो घर सोडून गेला होता. चार रिळं सबनीसांनी नेहमीसारखी सांगितली. पाचव्यात ती आई दारात आली, ओठ हलायला लागले. आजींनी सवयीने विचारलं, "काय म्हणते हो ती?"

आणि सबनीस बोलायला लागले. "ती म्हणते, त्याला घेऊन जाऊ नका. ती म्हणते, मेलेला तर परत येणार नाही. ती म्हणते, तुम्हाला झोप लागावी म्हणून माझं पोर कशाला? ती म्हणते…" ते बोलतच राहिले. आई पडद्यावरून गेली, घोडा दिसेनासा झाला, रीळ संपून पांढरा उजेड पडला, आणि ते त्या पांढऱ्या पडद्याकडे बघून बोलत होते. शेवटी कुणीतरी दिवे लावले. सुमनताई मधल्या रांगेत मान खाली घालून बसल्या होत्या. आजी म्हणाल्या, "बघा, मी म्हणत नव्हते, काहीतरी बोलते म्हणून!" त्या दिवशी टाळ्या झाल्या नाहीत. त्यानंतर सबनीसांनी मंडळात सिनेमा दाखवला नाही आणि कुणी आग्रहही केला नाही.

वर्षं गेली. नितीनचं लग्न झालं, मुलगी झाली. सुमनताई महिन्यातले दहा दिवस बर्मिंगहॅमला असायच्या. सबनीस क्वचित जायचे. बापलेक एका खोलीत बसून टीव्ही बघायचे. आमचं सगळ्यांचं बरं चाललं होतं. फडणीसांनी दुसरं घर घेतलं. माणूस कशालाही सरावतो, आणि आपण काय केलं होतं हे मला आठवड्यातून एकदाच आठवायचं. पुढे पुढे महिन्यातून एकदा.

नव्वदच्या दशकात, थंडीच्या दिवसांत, मिसेस डॉब्सनचा पाय कापायचं ठरलं. आदल्या दिवशी शेवटचा फोटो काढायला तिला खाली आणलं. तिथून सबनीस थेट माझ्याकडे आले. एवढं शांत मी त्यांना पूर्वी कधी पाहिलं नव्हतं.

"आज तिने मला एक प्रश्न विचारला," ते म्हणाले. "म्हणाली, 'मिस्टर सॅब, तुम्ही इतकी वर्षं माझा पाय बघताय. खरं सांगा. ती माझीच चूक असेल का? सगळे म्हणतात, तू न बघता पाऊल टाकलं असणार. मलाही आता तसंच आठवतं. मी तेव्हा जरा धांदरटच होते.' कुंदाताई, सात वर्षं ती बाई रोज स्वतःला दोष देतेय. पाय जाणार म्हणूनही ती तक्रार करत नाही. तिला वाटतं, ही तिची शिक्षा आहे."

"तुम्ही काय म्हणालात?"

"म्हणालो, नाही. तुमची चूक नव्हती. ती म्हणाली, तुम्हाला कसं माहीत?" त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. "मी म्हटलं, थोडा वेळ द्या, सांगतो."

पुढच्या शनिवारी ते ट्रेनने बर्मिंगहॅमला गेले. नितीनला सांगितलं, तू स्वतः जा, मी बरोबर येतो. नितीन म्हणाला, "डॅड, मला डॉटर आहे आता. तिला काय सांगू? बँक मला काढेल. सेव्हन इयर्स, डॅड! व्हाय नाऊ?" सुमनताईंनी त्यांच्याशी बोलणं टाकलं. सबनीसांनी महिनाभर वाट पाहिली. फोन आला नाही.

त्या महिन्याच्या शेवटी ते अकराच्या चहाला आले. बसले, कप घेतला, संपवला. मग म्हणाले, "उद्या मी पोलीस स्टेशनला जातोय. तुम्ही काळजी करू नका."

काळजी मी करतच होते. माझी नोकरी डोळ्यांसमोर उभी राहिली होती. खोटं सांगत नाही, मिसेस डॉब्सन तेव्हा माझ्या डोक्यात नव्हती.

"मी सांगणार आहे की तुम्हा सगळ्यांना मीच तसं बोलायला लावलं. पोलीस यायच्या आधी मी तुम्हाला गोळा केलं, हातापाया पडलो, आणि तुम्ही माझी दया येऊन बोललात. फडणीसांनाही सांगून आलोय. तुम्हाला विचारलं तर तुम्ही फक्त 'हो' म्हणा."

"पण सबनीस, तसं नव्हतं झालं."

"नव्हतं."

"मग तुम्ही…"

"माझ्या मुलाचं ते माझं आहे. तुमचं मी तुमच्यावर येऊ देणार नाही. तुम्ही त्याच्या भल्यासाठीच बोललात." ते उठले. "एका खऱ्यासाठी एक खोटं. हिशेब काही बरोबर नाही, मला कळतंय. पण याहून बरं मला सुचत नाही."

मी त्यांना अडवायला हवं होतं. निदान म्हणायला हवं होतं की मी येते तुमच्याबरोबर. मी त्यांचा कप उचलून सिंकमध्ये ठेवला आणि नळ सोडला. पाण्याचा आवाज थांबला तेव्हा ते गेले होते.

पोलीस आमच्याकडे आले. मी 'हो' म्हणाले. फडणीस 'हो' म्हणाले. आम्हाला ताकीद मिळाली, सहानुभूतीही मिळाली. नितीनने सगळं कबूल केलं. मंडळाच्या बैठकीत सबनीसांचं नाव सभासदांच्या यादीतून काढायचं ठरलं, आणि त्या बैठकीत फडणीस जे बोलले ते ऐकून मी थक्क झाले. "माझ्या पायाशी बसून रडला होता हो तो त्या दिवशी. मला नाही म्हणवलं नाही." ते खोटं बोलत नव्हते. त्यांना आता खरंच तसं आठवत होतं. दुसऱ्या एकाने तर सबनीस कुठल्या खिडकीपाशी उभे राहून विनवत होते तेही सांगितलं. मी घरी आले आणि डोळे मिटून आठवायला लागले, आणि मलाही ती खिडकी दिसायला लागली. तेव्हा मात्र मी घाबरले.

क्राउन कोर्टात निकालाच्या दिवशी मी गेले. मंडळातून मी एकटीच. वर प्रेक्षकांच्या बाकावर सुमनताई बसल्या होत्या. त्यांच्या शेजारी जागा होती, तिथे बसले. खाली पिंजऱ्यात बापलेक शेजारी शेजारी उभे. नितीन समोर बघत होता. सबनीसांच्या अंगावर तोच तपकिरी सूट. मिसेस डॉब्सन व्हीलचेअरवर होती, गुडघ्यावर चौकटीचं ब्लँकेट.

नितीनला नऊ महिन्यांची कैद झाली. मग जज्ज सबनीसांकडे वळले. म्हणाले, तुम्ही इतक्या उशिरा का होईना पुढे आलात हे मी लक्षात घेतो. पण तुम्ही समाजातल्या प्रतिष्ठित, निर्दोष माणसांच्या आपुलकीचा गैरफायदा घेऊन त्यांना पोलिसांशी खोटं बोलायला लावलंत, हे फार गंभीर आहे. हे खरं आहे का, मिस्टर सबनीस? त्यातलं कुणी आपणहून बोललं होतं का?

सबनीसांनी वर पाहिलं. माझ्याकडेच पाहिलं. क्षणभर मला वाटलं, आता सांगतील. आणि त्याच क्षणी मी मनातून म्हणाले, नका सांगू.

"नो, सर," ते म्हणाले. "आय आस्क्ड देम. ऑल ऑफ देम."

सहा महिने. पहारेकऱ्याने त्यांच्या कोपराला हात लावला. पिंजऱ्यातून खाली कोठडीकडे जाणाऱ्या जिन्याच्या पहिल्या पायरीवर ते मुलासाठी थांबले, त्याला आधी जाऊ दिलं आणि मग स्वतः उतरले. त्यांचं मला झालेलं दर्शन ते शेवटचं. सुटल्यावर ते कुणालाच न भेटता साउथहॅम्प्टन सोडून गेले, असं पुढे कानावर आलं.

मी बाकावर बसून होते. उठून काही म्हणावं एवढा वेळ होता. जज्ज कागद गोळा करत होते, मिसेस डॉब्सनची व्हीलचेअर दारापाशी पोहोचत होती. सुमनताईंनी माझा हात धरला. त्यांचे हात थंडगार होते. नवऱ्याशी त्या कित्येक महिने बोलल्या नव्हत्या, मुलाला आत्ता डोळ्यांदेखत नेलं होतं, आणि तरी रीत म्हणून त्या माझ्याकडे वळल्या.

"कुंदाताई, तुम्ही आलात, बरं वाटलं," त्या म्हणाल्या. "यांनी तुमच्यासारख्या सरळ बाईला खोटं बोलायला लावलं. आमच्यामुळे तुम्हाला हा त्रास. माफ करा हो त्यांना."

मी त्यांचा हात थोपटला आणि म्हणाले, "असू दे."